हिरवा पडदा आणि हिरवा चुडा : व्हीएफएक्सच्या नोकरीबद्दल वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात सिनेमा-मालिकांच्या व्हीएफएक्समधल्या, म्हणजे शूटिंगनंतर संगणकावर दृश्यं घडवायच्या, कामाविषयी प्रश्न मागवले होते. ‘कोणतं सॉफ्टवेअर शिकलं की लगेच नोकरी लागेल?’ हा प्रश्न इतक्या पत्रांत आला की त्याला वेगळी जागा दिली नाही, बाकीच्या उत्तरांतच तो आलाय. पत्रं थोडक्यात केली आहेत आणि नावं गाळली आहेत.

प्रश्न : मुलगा यंदा बारावी झाला. एक इन्स्टिट्यूट दोन वर्षांच्या व्हीएफएक्स डिप्लोमाचे चार लाख सांगते आणि ‘१०० टक्के प्लेसमेंट’ म्हणते. कर्ज काढून भरावेत का? (एक पालक, लातूर)

उत्तर : यंदा नको. आधी सहा महिने घरी बघा. ब्लेंडर हे थ्रीडीचं सॉफ्टवेअर फुकट आहे. एडिटिंगच्या दा विंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती मिळते आणि तिच्यातच चित्रांचे थर जोडायचं फ्यूजन येतं. त्याच कामाच्या न्यूकची नॉन-कमर्शियल आवृत्ती घरी शिकायला मोफत आहे. तिच्यातून १९२० बाय १०८० च्या वर रेंडर (तयार चित्र) निघत नाही, पण शिकाऊ माणसाला तेवढं पुष्कळ झालं. आग-धूर-पाण्याचे इफेक्ट करायच्या हुडिनीची अप्रेंटिस आवृत्तीही मोफत, फक्त चित्रावर वॉटरमार्क येतो. मुलाला मोबाइलवर पाच सेकंदांचा शॉट काढायला सांगा. गोठ्यातली गाय मान हलवतेय, मागून कुणीतरी जातंय, एवढंच. मोबाइल बहुतेक वेळा सेकंदाला ३० फ्रेम घेतो, म्हणजे १५० चित्रं झाली. त्या सगळ्यांतून गाय कापून वेगळी करायची. नवख्याला दोन आठवडे सहज लागतील. तेवढ्यात तो कंटाळतो की रात्री जेवायला उठवावं लागतं, हे तुम्हाला घरबसल्या कळेल.

मग क्लास लावायचाच ठरला तर छापील फॉर्म वाचा, जाहिरात नको. ‘प्लेसमेंट’ आणि ‘प्लेसमेंट असिस्टन्स’ या दोन गोष्टी आहेत. दुसरीत फक्त मुलाखतीला पाठवायचं आश्वासन असतं. चार लाख जीएसटी धरून की वगळून, हे लिहून घ्या. १८ टक्के वरून लागले तर आणखी ७२ हजार झाले. मधेच सोडलं तर किती पैसे परत मिळतील, तेही विचारा. मागच्या बॅचची कामं बघायला मागा, पण पोस्टरवरच्या तिघांची नको, सरसकट सगळ्यांची. सगळ्यांच्या शोरीलमध्ये (कामाच्या नमुन्यांच्या व्हिडिओत) तोच रोबो आणि तीच फुटणारी गाडी दिसली तर समजा की पोरांनी क्लासने दिलेली तयार फाइल गिरवली आहे. शिकवणारे सर स्टुडिओत शेवटचे कधी बसले होते, हे विचारायलाही लाजू नका. बैल घेताना दात बघतोच की आपण.

आणि पदवी सोडू देऊ नका. परदेशातल्या स्टुडिओत जायची वेळ आली की व्हिसाच्या कागदांत बहुतेक ठिकाणी पदवी किंवा तिच्या तोडीचा दीर्घ अनुभव मागतात. नाशिकच्या यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठातून बी.ए. किंवा बी.कॉम. करता करता हे काम शिकता येतं.

प्रश्न : चार महिन्यांपासून ट्रेनी रोटो आर्टिस्ट आहे. प्रत्येक फ्रेम थांबवून बघितली तर कड बरोबर असते. तरी लीड (टीमचे प्रमुख) ‘एज बॉइल होतेय’ म्हणून शॉट परत पाठवतात. चुकतंय कुठे? (मूळ सातारा, सध्या नवी मुंबई)

उत्तर : ‘थांबवून बघितली’ इथेच. बाकीच्या वाचकांसाठी सांगायचं तर रोटो म्हणजे शॉटमधल्या माणसाची किंवा वस्तूची बाह्यरेषा सगळ्या फ्रेमवर बसवून तिचा काळा-पांढरा अल्फा (कुठला भाग ठेवायचा ते सांगणारा मास्क) काढणं. चार सेकंदांचा शॉट म्हणजे २४ च्या हिशेबाने ९६ फ्रेम. बाह्यरेषेवरचा तुमचा पॉइंट प्रत्येक फ्रेमवर पिक्सेल-दोन पिक्सेल इकडेतिकडे पडला तरी थांबलेल्या चित्रात तो चुकलेला दिसत नाही. शॉट चालू केला की मात्र तीच कड उतू जायला आलेल्या दुधासारखी थरथरते, यालाच एज बॉइल म्हणतात.

समजा, कुर्ता घातलेला माणूस कॅमेऱ्यासमोरून आडवा चालत जातोय. पेन हातात घ्यायच्या आधी शॉट दहा-पंधरा वेळा लूपवर बघा. हात कुठल्या फ्रेमला सगळ्यात मोकळा दिसतो ती फ्रेम निवडा आणि सुरुवात तिथून करा, पहिल्या फ्रेमपासून नव्हे. अख्ख्या माणसाचा एक आकार कधीच काढू नका. डोकं, मान, धड, दंड, कोपरापुढचा हात, तळवा, प्रत्येक बोट वेगळं. कोपराशी दोन्ही आकार एकमेकांत शिरू द्या म्हणजे हात वाकला तरी फट पडणार नाही. कोपरापुढच्या हाताला सहा ते आठ पॉइंट पुरतात. नवीन मुलं पंचवीस टाकतात आणि पुढे ९६ फ्रेमभर ते पंचवीस सांभाळत बसतात.

प्रत्येक पॉइंटला मालक हवा. हा बाहीच्या शिवणीचा, हा मनगटाच्या हाडाचा, हा बटणाचा. पहिल्या फ्रेमवर शिवणीवर असलेला पॉइंट विसाव्या फ्रेमला कडेवरच पण शिवणीपासून बोटभर सरकलेला असेल तर रेषा बरोबर असूनही कड वाहते. तुमच्या वर्णनावरून हाच दोष दिसतो.

दुसरी शक्यता कीफ्रेमची, म्हणजे जिथे आकार हाताने बसवता त्या फ्रेमची. मधल्या फ्रेम संगणक भरतो. दर चार फ्रेमला एक की ठोकत जायची सवय असेल तर ती मोडा. साधारण चालीत एक पाऊल १२ फ्रेमच्या आसपास पडतं. हात पुढे टोकाला गेला तिथे की, मागे टोकाला गेला तिथे की, मग दोन्हींच्या मधोमध बघा. रेषा सुटत असेल तरच तिथे तिसरी. की टाकताना आधी अख्खा आकार उचलून जागेवर न्या, फिरवा, लहानमोठा करा. सुटे पॉइंट सगळ्यात शेवटी. खांद्यावरच्या एखाद्या डागाची चाल संगणकाकडून ट्रॅक करून तो ट्रॅक लेयरला जोडला तर निम्मं काम तिथेच संपतं.

मोशन ब्लर, म्हणजे हलण्यामुळे येणारा धूसरपणा, आला की बरेच जण कड ब्लरच्या बाहेरून घेतात आणि मग मागची भिंतही अल्फात येते. शटर १८० अंशांचं असेल तर प्रत्येक फ्रेम एका सेकंदाचा ४८ वा भाग उघडी असते. त्या वेळात हात जेवढा सरकला तेवढा पट्टा फिकट दिसतो. रेषा त्या पट्ट्याच्या मध्यावर ठेवा, आकाराचा मोशन ब्लर चालू करा, शटर ०.५ द्या. हाताने फेदर (कडेचा मऊपणा) ओढून ब्लर बनवू नका. शॉट बदलला की तो फसतो.

शॉट देण्याआधी ४०० टक्के झूममधून बाहेर या. कापलेला माणूस लाल रंगावर आणि मग मधल्या करड्या रंगावर ठेवून १०० टक्क्यांत, खऱ्या वेगाने चालवा. एकदा उलटाही चालवा, कारण डोळा सरळ चालीला सरावलेला असतो. आणि शॉटशीटमध्ये हँडल (कटच्या आधी-नंतर ठेवायच्या जादा फ्रेम) किती ते बघा. दोन्ही बाजूंना आठ-आठ फ्रेम हव्या असताना तुम्ही फक्त कटपुरतं काम केलं, तर ते उत्तम असूनही परत येईल.

प्रश्न : तीन वर्षं रोटो-पेंट करतोय. कॉम्पला (कॉम्पोझिटिंग, म्हणजे वेगवेगळी चित्रं एकत्र बसवणं) अर्ज केला की ‘कॉम्पचा अनुभव नाही’ म्हणतात. अनुभव मिळणार कसा? (पुणे)

उत्तर : पेंटमधून, म्हणजे चित्रातलं नको ते पुसायच्या कामातून. हार्नेसची तार काढणं, ट्रॅकिंग मार्कर (कॅमेऱ्याची चाल मोजायला लावलेल्या खुणा) पुसणं, क्लीन प्लेट (नको ते काढलेलं चित्रण) बनवणं ही कामं कॉम्पच्या उंबरठ्यावरची आहेत, फक्त ती कॉम्पच्या पद्धतीने करा. उदाहरणार्थ, भिंतीवरचा मार्कर झाकायला एका फ्रेममधून ठिगळ काढून तुम्ही ते अख्ख्या शॉटभर चिकटवता. ठिगळ अचूक बसतं, तरी बघणाऱ्याला खटकतं, कारण आजूबाजूचं ग्रेन (चित्रातली बारीक खरखर) सळसळतंय आणि ठिगळातलं गोठलंय. आधी प्लेट (शूट केलेलं मूळ चित्रण) डीग्रेन करा, म्हणजे तिच्यातलं ग्रेन काढा, ठिगळ लावा, कॅमेरा हलत असेल तर ट्रॅकने बांधा, मग मूळ ग्रेन परत घाला, तेही लाल, हिरव्या, निळ्या चॅनलला वेगवेगळ्या मापात. निळ्या चॅनलमध्ये ते बहुतेक वेळा सगळ्यात जाड असतं. असा एक शॉट, पायऱ्या उलगडून दाखवलेला, शोरीलमध्ये घाला. दहा उडत्या ड्रॅगनपेक्षा तो जड भरतो.

मुलाखतीत कॉम्प सुपरवायझर काय बघतो? पहिल्यांदा काळे. व्ह्यूअरचा गॅमा (उजळपणा) दोन-अडीचपर्यंत वर ओढतो. प्लेटमधला सावलीचा काळा थोडा निळसर आणि उचललेला, पण तुम्ही बसवलेल्या वस्तूचा काळा ठार काळा, हे त्या क्षणी उघडं पडतं. मग कडा. कापलेल्या चित्राचा रंग बदलताना आधी अनप्रीमल्ट (अल्फाचा गुणाकार काढणं), मग ग्रेड (रंग बदलणं), मग प्रीमल्ट (तो गुणाकार परत करणं) हा क्रम चुकला की अर्धपारदर्शक कडांवर काळी किंवा उजळ रेघ उमटते. ही रेघ ज्याला आपली आपण दिसत नाही त्याला कॉम्पला घेत नाहीत. पुढे लेन्स. प्लेट वाइड लेन्सची, कडांशी वाकलेली, आणि तुमची थ्रीडी इमारत सरळसोट, तर ती कोपऱ्यात घसरताना दिसते. शेवटी फोकस आणि प्रकाशाची दिशा.

शोरील ६० ते ९० सेकंदांचं. पाच-सहा शॉट, सगळ्यात चांगला पहिला. प्रत्येकाखाली तुम्ही नेमकं काय केलं ते लिहा. ‘सगळं मीच’ लिहू नका, पहिल्याच प्रश्नात पितळ उघडं पडतं. संगीतावर वेळ घालवू नका, बहुतेक जण आवाज बंद करूनच बघतात. कंपनीचं काम सिनेमा प्रदर्शित व्हायच्या आधी किंवा लेखी परवानगीशिवाय घालाल तर एनडीएचा (गुप्ततेच्या कराराचा) भंग होईल. त्यापेक्षा स्वतः शूट केलेल्या प्लेट वापरा. आणि सध्याच्या कंपनीत आठवड्यातून एक तास कॉम्पच्या डेलीजमध्ये (रोजच्या कामाच्या तपासणीत) मागे उभं राहायची परवानगी मागा. बहुतेक ठिकाणी कुणी नाही म्हणत नाही.

प्रश्न : आमच्या मालिकेत लग्नाचा प्रसंग हिरव्या पडद्यासमोर घ्यायचाय, मागे वाडा नंतर बसवणार. व्हीएफएक्सवाल्यांनी ‘निळा पडदा लावा’ म्हटलं. निर्माते म्हणतात, पडदा हिरवाच आहे, नवीन कशाला? (सहायक दिग्दर्शक, नाशिक)

उत्तर : नवरीच्या हातात काय आहे ते निर्मात्यांना दाखवा. हिरवा चुडा, कदाचित हिरवा शालू. हिरवा रंग काढून टाका असं संगणकाला सांगितलं की चुड्याच्या जागी मनगटाला भोकं पडतील. ती बुजवायला प्रत्येक शॉटमध्ये दोन्ही मनगटांचं रोटो करावं लागेल आणि त्या माणूसदिवसांत पडद्याचे पैसे केव्हाच वसूल होतात. एरवी हिरवा निवडतात त्याला कारण आहे. बहुतेक डिजिटल कॅमेऱ्यांच्या सेन्सरवर हिरवे बिंदू लाल किंवा निळ्याच्या दुप्पट असतात, त्यामुळे हिरव्यात माहिती जास्त आणि खरखर कमी. निळ्याला उजेड जास्त लागतो, तेवढा तो लावा. आणि पदराच्या काठात, नवऱ्याच्या उपरण्यात निळा नाही ना, ते वेशभूषेच्या ताईंना आदल्या दिवशी विचारा.

माणसं पडद्यापासून निदान आठ-दहा फूट पुढे उभी करा. जवळ असली की पडद्याचा रंग गालावर, नथीवर, दागिन्यांवर उतरतो. सोनं तर आरशासारखंच. नंतर डीस्पिल (हा उतरलेला रंग काढणं) केलं की रंगाची झाक जाते, पण सोन्याचा पिवळाही बदलतो आणि दागिने बेन्टेक्सचे दिसायला लागतात. पडद्याचा प्रकाश वेगळा, माणसांचा वेगळा. पडद्यावर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत उजेडाचा अर्ध्या स्टॉपपेक्षा जास्त फरक नको. सुरकुत्या ताणून काढा. कॅमेरा हलणार असेल तरच मार्कर लावा आणि ते नवरीच्या केसांच्या, गजऱ्याच्या मागे येणार नाहीत असे लावा.

कॅमेऱ्यातलं शार्पनिंग बंद. त्याने कडांभोवती पांढरी रेघ येते आणि ती कशानेच जात नाही. रेकॉर्डिंग ४:२:२ किंवा त्याच्या वरचं ठेवा. ४:२:० मध्ये रंगाची माहिती चौथ्या हिश्शावर येते, म्हणून केसांच्या कडा जिन्यासारख्या निघतात. २५ फ्रेमला शटर सेकंदाचा पन्नासावा भाग.

आता अक्षता. तांदळाचा दाणा बारीक, वेगाने पडणारा, ब्लरमुळे अर्धा पारदर्शक. पडद्याचा रंग काढल्यावर निम्म्या अक्षता हवेत नाहीशा होतात. सांगायचा मुद्दा, मुख्य टेकमध्ये अक्षता टाकूच नका. काळ्या कापडासमोर, बाजूने प्रकाश देऊन, त्याच लेन्सने आणि शटरने अक्षतांचे तीन-चार टेक वेगळे घ्या. ते वरून बेरजेने चढवता येतात. खांद्यावर आणि जमिनीवर पडलेल्या मात्र खऱ्या हव्यात, त्या टेकच्या आधी पेरा. मुंडावळ्यांच्या सरांची झालर कपाळावर हलत असेल तर एक सर कमी करा. कुणाला कळणार नाही, कॉम्पवाला दुवा देईल.

प्रश्न : घरी सराव करायला कॉम्प्युटर कसला घेऊ? (चंद्रपूर)

उत्तर : साधं गणित करा. ४०९६ बाय २१६० ची एक ईएक्सआर (व्हीएफएक्समधली चित्राची फाइल) फ्रेम, तीन चॅनल, प्रत्येकी १६ बिट, न दाबलेली असेल तर सुमारे ५३ एमबी होते. हँडल धरून ११२ फ्रेमचा एक शॉट जवळपास सहा जीबी. हे सगळं रॅममध्ये ठेवून चालवून बघायचं असतं, म्हणून पैसे आधी रॅमवर घाला: ३२ जीबी. मग एनव्हीएमई एसएसडी एक टीबी. ग्राफिक कार्ड ८ जीबी मेमरीचं पुरे, थ्रीडी रेंडर करणार असाल तर जास्त. सराव २के वर, म्हणजे निम्म्या लांबी-रुंदीवर, करा, सगळं चौथ्या हिश्शावर येतं. मॉनिटर आयपीएस पॅनलचा, एसआरजीबी पूर्ण दाखवणारा हवा. आणि विंडोजमधला ‘नाइट लाइट’ बंद ठेवा. रात्रभर रंग जुळवून सकाळी शॉट निळा दिसला अशी तक्रार असली की बहुतेक वेळा कारण तेच निघतं.

प्रश्न : एआय रोटो खाऊन टाकणार असं सगळे म्हणतात. मग या लाइनीत यावं का? (नागपूर)

उत्तर : रोटोचा बराच भाग जाणार आहे, खोटा धीर देत नाही. न्यूकमध्ये २०२१ पासून कॉपीकॅट आहे. त्याला तीन-चार फ्रेमचं हाताने केलेलं रोटो दाखवलं की उरलेल्या फ्रेमचा मास्क ते स्वतः काढतं. रिझॉल्व्हमधल्या मॅजिक मास्कने माणूस एका क्लिकमध्ये वेगळा होतो. मागची माणसं पुसायची, आभाळाचा रंग बदलायचा, अशा ‘गार्बेज’ (ढोबळ) मास्कला आता कुणी ट्रेनी बसवणार नाही.

अडतं कुठे, तर कडांवर. यंत्र प्रत्येक फ्रेमचा अंदाज जवळपास नव्याने करतं, म्हणून कड लुकलुकते. दोन माणसांची बोटं एकमेकांत गुंतली, ओढणी चेहऱ्यावरून गेली, हात ब्लर झाला, की मास्क फाटतो. पडद्यावर पन्नास फूट दिसणाऱ्या शॉटला तो चालत नाही. शिवाय मोठ्या स्टुडिओंच्या करारांत सिनेमाची फ्रेम बाहेरच्या ऑनलाइन सेवेवर चढवायला सहसा बंदी असते. कुणी तरी ‘पटकन होतं म्हणून’ एखादा शॉट वेबसाइटवर टाकला तर नोकरी जाते आणि कंपनीचं कामही जातं.

तेव्हा यावं, पण रोटोत घर बांधायला येऊ नये. वर्ष-दीड वर्षात पेंट, नाहीतर मॅचमूव्ह. मॅचमूव्हमध्ये शूटिंगच्या कॅमेऱ्याची चाल संगणकात हुबेहूब उभी करतात. त्यासाठी फोकल लेंग्थ, सेन्सरची रुंदी, लेन्सचं वाकणं, थोडी भूमिती लागते. गणिताला न भिणाऱ्या मुलाला ही वाट चांगली, आणि तिकडे गर्दीही कमी आहे.

प्रश्न : वीस वर्षं बोर्ड आणि पडदे रंगवतोय. फ्लेक्स आल्यापासून काम नाही. वय ४१. मॅट पेंटिंग (शॉटमागचा देखावा संगणकावर रंगवणं) जमेल का? (कोल्हापूर)

उत्तर : तुमच्याच गावातले बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवता रंगवता सिनेमात आले आणि स्वतःचा कॅमेरा बनवून बसले. तुमच्या हाताला परस्पेक्टिव्ह आणि प्रकाश आधीच येतो. क्लासमधल्या मुलांना तोच शिकवताना नाकी नऊ येतात.

तुम्हाला नव्याने शिकायचंय ते फोटोशॉपचे लेयर आणि चित्राचं थरांत विभाजन. कॅमेरा पुढे सरकणार असेल तर बुरूज, झाडं, डोंगर, आभाळ वेगवेगळ्या थरांत, आणि पुढच्या थरामागे लपलेला भागही रंगवलेला हवा. नाहीतर कॅमेरा हलला की मागे पांढरं भगदाड दिसतं. चित्र प्लेटच्या दुप्पट मापाचं काढा. क्षितिजरेषा प्लेटमधल्या कॅमेऱ्याच्या उंचीशी जुळवा. लांबचा डोंगर रंगवताना पडदेवाले हात मोकळा सोडून गडद सावल्या घालतात. कॅमेऱ्याला लांबच्या सावल्या फिकट, निळसर दिसतात, तिथे हात आवरावा लागेल. पोर्टफोलिओत परीकथेतले किल्ले नकोत. पन्हाळ्याचा स्वतः काढलेला फोटो घ्या, त्यातून मोबाइल टॉवर, तारा, गाड्या काढा, पडलेली तटबंदी पुरी करा. ऐतिहासिक मालिका-सिनेमांना रोज लागतं ते हेच. अशी आठ चित्रं, आधीचं आणि नंतरचं शेजारीशेजारी. वय कुणी विचारणार नाही. पगार मात्र सुरुवातीला पंचविशीतल्या मुलाचाच मिळेल, त्याची घरात तयारी ठेवा.

प्रश्न : जाहिरातींचं क्लीनअप फ्रीलान्स करतो. एका एजन्सीने पाच महिने पैसे अडकवलेत, वर बदल चालूच. (म्हापसा, गोवा)

उत्तर : आधी तुमची उद्यम नोंदणी (लघुउद्योगांची सरकारी नोंदणी) आहे का ते बघा. नोंदणी फुकट होते. सूक्ष्म-लघु उद्योगांच्या २००६ च्या कायद्यानुसार नोंदलेल्या व्यावसायिकाचे पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यावे लागतात. उशीर झाला तर बँक दराच्या तिप्पट व्याज लागतं आणि फॅसिलिटेशन कौन्सिलकडे तक्रार करता येते. नोंदणी काम घेण्याच्या आधीची हवी, तेव्हा आजच करून टाका, पुढच्या कामाला उपयोगी पडेल. नोंदणी नसेल तर या बिलासाठी आधी वकिलाची नोटीस पाठवा.

पुढचं काम फोनवर घेऊ नका. एका मेलमध्ये शॉटची संख्या, फ्रेम, बदलांच्या किती फेऱ्या दरात बसतात, त्यानंतर प्रत्येक फेरीचे किती, हे लिहा आणि उत्तरात ‘मान्य’ येईपर्यंत प्लेट उघडू नका. आगाऊ निदान तिसरा हिस्सा. मंजुरीसाठी वॉटरमार्क असलेली लहान फाइल पाठवा, ईएक्सआर पैसे आल्यावर. व्यावसायिक फीतून १० टक्के टीडीएस कापला असेल तर तो खरंच भरलाय का, हे आयकर पोर्टलवरच्या करजमेच्या विवरणात (२६एएस) तपासा. कापला पण भरला नाही, हे प्रकार होतात.

प्रश्न : मुलीची मैत्रीण नोकरी करायची ती मोठी कंपनी रातोरात बंद झाली. या धंद्यात इतकी अस्थिरता का? (ठाणे)

उत्तर : कारण काम ठोक दराने घेतात. स्टुडिओ शॉट बघून ‘इतके माणूसदिवस लागतील’ असा अंदाज बांधतो आणि किंमत ठरते. पुढे दिग्दर्शकाने तोच शॉट पंधरा वेळा बदलून घेतला तरी वरचे पैसे मिळतीलच असं नाही. नफा आधीच काठावर. २०१३ च्या फेब्रुवारीत रिदम अँड ह्यूज या अमेरिकी व्हीएफएक्स कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला आणि त्याच महिन्यात त्यांच्या कामाला ऑस्कर मिळालं. मुंबई आणि हैदराबादलाही त्यांचे स्टुडिओ होते. २०२३ मध्ये हॉलिवूडच्या लेखकांचा संप १४८ दिवस आणि कलाकारांचा ११८ दिवस चालला. शूटिंग थांबलं, की काही महिन्यांनी इथे प्लेट येणं थांबतं. २०२५ च्या फेब्रुवारीत टेक्निकलर हा व्हीएफएक्स समूह कोसळला, त्यात बंगळुरू-मुंबईतले लोकही सापडले.

मुलगी याच क्षेत्रात असेल तर तिला एवढं सांगा. पगाराच्या स्लिप, फॉर्म १६, नेमणूकपत्र दर महिन्याला घरच्या मेलवर घ्यायची सवय ठेव. कंपनीचा सर्व्हर बंद झाला की काही मिळत नाही. यूएएनला (पीएफच्या क्रमांकाला) आधार आणि बँक खातं जोडून पीएफ दर महिन्याला जमा होतोय का ते बघ. मूळ मार्कशीट कुणाकडेही ठेवायला देऊ नको. आणि सलग दोन महिने पगार उशिरा झाला तर शोरील ताजं करायला घे, मीटिंगमध्ये काहीही सांगोत.

प्रश्न : आठ महिने एका सिनेमावर काम केलं, शेवटच्या नामावलीत नावच नाही. काही करता येतं का? (डोंबिवली)

उत्तर : झालेल्याचं फारसं नाही. प्रत्येक स्टुडिओला किती नावं द्यायची हे बहुतेक वेळा निर्मात्याशी झालेल्या करारात ठरतं, आणि रोटो-पेंटची नावं सगळ्यात आधी कापतात. सोडताना अनुभवपत्रात सिनेमाचं नाव, तुमचं पद आणि महिने घालून मागा. एचआर नाही म्हणालं तर सुपरवायझरकडून कंपनीच्या मेलवरून दोन ओळी घ्या. पुढच्या मुलाखतीत तेवढं चालतं. आणि पुढच्या सिनेमाला, नामावलीसाठी स्पेलिंग मागणारा मेल कोऑर्डिनेटरकडून येतो त्याला त्याच दिवशी उत्तर द्या. तो न वाचल्यामुळे गेलेली नावंही थोडीथोडकी नाहीत.